फिर्यादीच जामीन

१

सोमवारी सकाळी नाथाजी कणसे ऑफिसचं कुलूप काढत होते, तेव्हा पायरीवर एक माणूस आधीच येऊन बसला होता. अंगात स्वच्छ सदरा, डोक्याला पटका, मांडीवर सातबाऱ्याचा उतारा. कणशांना बघून तो धडपडत उठला.

कणसे सांगलीच्या बालन्यायालयाचे प्रोबेशन ऑफिसर. हुद्दा भारदस्त, काम मात्र पायपिटीचं. गुन्ह्यात सापडलेल्या पोराच्या घरी जायचं, चूल वेळेवर पेटते का ते बघायचं, शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारायचं आणि खटल्याचा निकाल लागेपर्यंत त्या पोराला कुणाच्या हवाली करावं, ते मॅजिस्ट्रेटना लिहून द्यायचं. बावीस वर्षं त्यांनी दुसऱ्यांची घरं तपासली. त्यांचं स्वतःचं घर म्हणजे गावभागातली एक भाड्याची खोली. बायको जाऊन नऊ वर्षं झालेली, मुलगा शिरवळच्या एका कारखान्यात, त्याचं पत्र दिवाळीला आलं तर आलं. खाणावळीत ते भिंतीकडे तोंड करून जेवत. तसं बसलं म्हणजे समोरची खुर्ची रिकामी दिसत नाही.

"काय काम?" कणशांनी विचारलं.

"त्या जोतीरामला सोडवायला आलोय. जामीन ऱ्हातो."

जोतीरामचे कागद टेबलावरच होते. वय तेरा. इस्लामपूरजवळच्या एका मळ्यात गुरं राखायला. आरोप असा, की गेल्या आठवड्यात सोमवारी भर दुपारी त्यानं मालकाचा दोन एकर उभा ऊस पेटवून दिला. बाप मयत, आईचा पत्ता नाही. गुरुवारी कोर्टापुढं उभा केला, न्यायला कुणी आलं नाही, म्हणून त्याची रवानगी रिमांड होममध्ये झाली होती. न्यायला कुणी आलंच नाही, तर खटला संपेपर्यंत तो तिथंच राहणार होता. आणि खटले कसे चालतात, ते कणशांना ठाऊक होतं. अशा पोरांच्या चड्ड्या आखूड होतात, पण तारीख संपत नाही.

"नाव काय तुमचं?"

"आकाराम."

कणशांनी चष्मा वर सरकवून कागद पुन्हा वाचला. मग त्या माणसाकडे पाहिलं.

"अहो, पण फिर्यादीचं नाव आकाराम आहे. ऊस तुमचाच जळालाय ना?"

"माझाच," आकाराम म्हणाला, आणि त्यानं मान खाली घातली.

२

ज्याचा ऊस जाळला, तोच जाळणाऱ्याला सोडवायला येतो, हे कणशांनी आजवर पाहिलं नव्हतं. आकारामला पायरीवर बसवून ते रिमांड होमला गेले.

तिथला स्वयंपाक मेहरुनबी बघायच्या. पन्नाशीची बाई, आवाज चढा, जीव मऊ. कणशांना बघताच त्या पदराला हात पुसत बाहेर आल्या.

"सायेब, ते पोरगं काय चोर-उचक्यातलं न्हाई. जेवतंय, ताट धुतंय, कुनाशी भांडन न्हाई. पन रोज दुपारी त्वांड धुतंय, माझ्याकडनं त्याल मागून केसाला लावतंय आन फाटकाकडं त्वांड करून बसतंय. काल मला इचारलं, पोलिसांचं बोलनं खरं असतं का म्हनून."

"तुम्ही काय सांगितलंत?"

"म्या म्हनलं, कवाकवा असतं."

जोतीराम फाटकासमोरच बसला होता. काळा, हडकुळा, कान मोठे. कणशांनी शेजारी बैठक मारली.

"तुझा मालक आलाय. जामीन राहतो म्हणतोय. गुरुवारी कोर्टानं मान्य केलं की सुटलास."

पोराच्या तोंडावर आनंद दिसायला हवा होता. दिसली ती भीती.

"मला न्हाई जायचं."

"मारतो का तो?"

"न्हाई."

"उपाशी ठेवतो?"

"न्हाई. मालकीन लय चांगल्या हायत. पन मी त्यांच्यासंगं जानार न्हाई. मला हितंच ऱ्हाऊ द्या, सायेब." त्याचा आवाज चिरकला. "त्यांनी सही केली तर मला सोडून द्याल व्हय?"

सुटायला घाबरणारं पोर. कणसे ऑफिसात परतले. आकारामला घरी पाठवून त्यांनी पोलिसांचा पंचनामा नीट वाचायला घेतला. तिसऱ्या पानावर ते थांबले. मुलगा सापडला तेव्हा त्याच्या अंगात धुतलेला पांढरा सदरा होता, केसांना तेल होतं, शेजारी कपड्यांचं गाठोडं होतं. पोलिसांनी शेरा मारला होता : पळून जाण्याच्या तयारीत. पण सापडला कुठं? फडापासून हाकेच्या अंतरावर, गाडीवाटेखालच्या मोरीच्या कठड्यावर बसलेला. आग विझून तास होऊन गेला होता, तरी तो तिथंच होता. आणि गोठ्यातली चारही जनावरं, कोंबडीचं डालगंसुद्धा, आग लागण्याआधीच कुणीतरी ओढ्यापलीकडं नेऊन ठेवलं होतं.

पळून जायचं होतं, तर तासभर मोरीवर बसून राहिला कशाला? आणि गुरं राखणारं पोर सोमवारी भर दुपारी नटून कुणाची वाट बघत होतं?

३

मंगळवारी कणसे एसटीनं इस्लामपूरला गेले आणि तिथून दोन कोस चालत मळ्यावर पोचले. आकाराम बैलं घेऊन लोहाराकडं गेला होता. कणशांना ते बरंच वाटलं. मालक समोर नसला की माणसं मोकळं बोलतात.

ओढ्याकडचा तो फड आता रिकामा होता. ऊस तोडून नेलेला, काळी राख पसरलेली, मधूनमधून खोडक्या. बांधाला लागून शेजाऱ्याचा हिरवागार ऊस उभा होता. त्याच्या कडेची पानं तेवढी करपली होती.

तो शेजारी, सयाजी, स्वतःच बांध ओलांडून आला. पलटणीतून निवृत्त झालेला गडी, मिशा अजून नोकरीत असल्यासारख्या.

"चौकशी हाय व्हय? मग खरं लिवा. पोरानं काय बी केलेलं न्हाई. आकारामनंच पेटवलाय."

"स्वतःचा ऊस?"

"आवं सायेब, तुमी शेरातली मानसं. उसाची तोड पाळीनं येती. पाळी लांबली की ऊस वाळतोय, तुरं येत्यात, वजन जातंय. पन ऊस जळला की कारखाना थांबत न्हाई. जळका ऊस दोन-तीन दिसात गाळला न्हाई तर नासतो, म्हनून पाळी मोडून दुसऱ्याच दिवशी टोळी येती. आकारामची पाळी पार एप्रिलात व्हती. त्या दिशी सकाळीच तरातरा शेतकी ऑफिसात भांडायला गेल्ता. दुपारी फड पेटला आन मंगळवारी उजाडायला टोळी हजर. आता तुमीच जोडा."

कणशांनी जोडलं. जुळत होतं. गुरं आधीच हलवलेली. आळ घ्यायला बेवारस पोर. पुढं मनाला टोचणी लागली, म्हणून जामीन राहायला धावत आला. आणि पोर त्याच्याबरोबर जायला भितंय, कारण त्याला खरं माहीत आहे.

"पोराला पकडलं तेव्हा तुम्ही होता?"

"व्हतो की. आग इझवायला मीच पंधरा गडी घेऊन आल्तो. वारं माझ्याच उसाकडं व्हतं. पोरगं हमसून हमसून रडत व्हतं. हवालदार म्हनला, आता तुझे आईबाप आल्याबगार तुझी सुटका न्हाई बघ. आन काय सांगू, पोरगं रडायचं थांबलं. टक लावून त्याच्या तोंडाकडं बघाय लागलं."

"आई कुठं असते त्याची?"

"कुनाला ठावं? दुष्काळाच्या साली ऊसतोडीला आल्ती. माणदेशातली बाई. नवरा खडी फोडायच्या कामावर मेलेला. पोरगं तापानं फणफणलं व्हतं, ह्याच फडावर आकारामच्या पदरात टाकून गेली. दोन वर्सं झाली. परत काय दिसली न्हाई."

४

आकारामच्या घरी त्याची बायको शालूबाई एकटीच होती. मूलबाळ नसलेलं घर. अंगण झाडून लख्ख, आणि इतकं शांत की कणशांना आपली खोली आठवली. शालूबाईनं चहा ठेवला.

"ऊस गेला त्याचं वाईट वाटतं?" कणशांनी विचारलं.

"ऊस कुठं गेला? जळका का असंना, कारखान्यानं नेला. गेलं ते बेणं." शालूबाईनं डोळ्याला पदर लावला. "फडाचा वरचा तुकडा बेण्याला राखला व्हता. नवी जात हाय. दोन साल जिवापाड जपलं. पुढच्या महिन्यात त्याच कांड्या लावून नवी लागन करायची व्हती, तिघा पाव्हन्यांना शब्द दिल्ता. जळक्या कांडीला डोळा फुटत न्हाई, सायेब. ह्यांनी दोन दीस अन्नाला हात लावला न्हाई."

कणशांच्या हातातली बशी तशीच राहिली. इतक्या सुबकपणे जुळलेलं सगळं त्या एका वाक्यानं मोडलं. पाळीसाठी स्वतःचा फड पेटवणारा शेतकरी आधी बेणं तोडून सावलीला ठेवेल, मग काडी ओढेल. बेण्यासकट फड पेटवणारा माणूस एकतर आकारामचा वैरी असेल, नाहीतर बेण्याचं मोल न कळणारा कुणी. वैरी म्हणावा तर सयाजी. पण वारं त्याच्याच उसाकडं होतं, आणि तो काही वेडा नव्हता. शिवाय वैरी कोंबडीचं डालगं उचलून ओढ्यापलीकडं ठेवत नाही.

मग उरलं कोण? ज्याला आकारामच्या जनावरांची माया होती, पण बेणं म्हणजे काय हे कळत नव्हतं.

ते उठताना त्यांची नजर दांडीवर गेली. धोतर, लुगडं, आणि त्यांच्यामध्ये एक कोरा निळ्या रेघांचा सदरा. हातशिलाईचा, अकरा वर्षांच्या पोराला बसेल एवढा.

"हा कुणाचा?"

शालूबाईचा चेहरा उतरला. तिनं सदरा झटकन ओढून घेतला आणि घडी घालून पेटीत टाकला.

"त्ये... असाच हाय. ह्यांनाच इचारा."

जोतीराम तेरा वर्षांचा, अंगानं हडकुळा पण उंच. तो सदरा त्याला बसला नसता. ह्या घरात दुसरं मूल नव्हतं. मग कोरा सदरा कुणी आणला, आणि तो लपवायचं कारण काय?

५

मुक्कामाला कणशांनी इस्लामपुरात एक लॉज गाठलं. जेवण झालं, तरी सदरा डोळ्यापुढून हलेना. बावीस वर्षं ते पोरांना एकच प्रश्न विचारत आले होते : का केलंस? ह्या पोराला त्यांनी तो विचारलाच नव्हता. त्यांनी आता तो स्वतःला विचारला.

फड पेटला की काय होतं? सयाजीनं सांगितलं होतं : दुसऱ्या दिवशी टोळी येते. आकारामला ती हवी असेल, असं ते धरून चालले होते. पण टोळीची वाट आणखी कुणी बघत नव्हतं कशावरून?

पोर तोंड धुतं. केसाला तेल लावतं. धुतला सदरा घालतं, कपड्यांचं गाठोडं बांधतं. पळायला नव्हे, जायला. आणि जाऊन बसतं कुठं, तर ज्या वाटेनं टोळीच्या बैलगाड्या येतात, त्या वाटेच्या मोरीवर. ह्याच फडावर त्याला आईनं सोडलं होतं. आई येणार ती तोडीलाच, आणि तोडीची पाळी एप्रिलात. तेरा वर्षांच्या पोराला एप्रिल फार लांब वाटला. जळक्या फडावर टोळी लगेच येते, हे त्यानं मोठ्या माणसांच्या बोलण्यात शंभरदा ऐकलेलं. त्यानं काडी ओढली ती आईला बोलावण्यासाठी.

आणि मग हवालदार म्हणाला, आईबाप आल्याशिवाय सुटका नाही. म्हणजे तुरुंगातच बसून राहिलं की आईला यावंच लागेल. म्हणून तो रडायचा थांबला. म्हणूनच त्याला मालकाची सही नको होती. परका कुणी जामीन राहिला, तर आईला आणायचं कारणच संपणार होतं.

कणशांनी दिवा मालवला, पण झोप लागली नाही. त्यांचा मुलगा शिरवळला गेला त्या दिवशी एसटीच्या खिडकीतून त्यानं काहीतरी सांगितलं होतं. काय ते कणशांना ऐकू गेलं नव्हतं, आणि त्यांनी विचारलंही नव्हतं.

एक गाठ तरीही सुटली नव्हती. आकारामनं सोमवारी फिर्याद दिली, आणि आठवडाभरात तोच जामीन राहायला आला. मधे काय घडलं?

बुधवारी सकाळी ते कारखान्याच्या शेतकी ऑफिसात गेले. कारकून पेंगुळलेला होता.

"जळक्या फडावर कुठली टोळी पाठवायची, हे कसं ठरतं?"

"ठरत नाही, साहेब. जी मोकळी असेल ती. त्या दिवशी नदीपलीकडच्या गटातली एक टोळी मोकळी होती, तीच रातोरात हलवली." त्यानं वही उलटली. "माणदेशी टोळी. बारा कोयते. कोयता म्हणजे नवराबायकोची जोडी, पण एक कोयता भाऊ-बहिणीचा आहे. विधवा बाई आहे, अंबूबाई."

जोतीरामच्या कागदावर आईचं नाव अंबूबाई होतं.

६

आकाराम गोठ्यात होता. कणशांनी नमस्कार-चमत्कार काही केला नाही.

"ती मंगळवारी इथं आली होती ना?"

आकारामच्या हातातली पेंढी खाली पडली. तो दावणीच्या दगडावर बसला.

"पोलीस सांजच्याला पोराला घेऊन गेलं," तो म्हणाला. "आन उजाडताना टोळी आली. गाडीतनं अंबूबाई उतरली. उतरल्या उतरल्या मला म्हनाली, दादा, माजा जोत्या कुठाय? काय सांगू मी तिला? तुज्या पोराला म्याच पोलिसात दिला, असं सांगू? साळंत घालतो म्हनून ठिवून घेतला आन गुरामागं लावला, त्ये सांगू?"

"मग काय सांगितलंत?"

"सांगलीला मोठ्या साळंत घातलाय म्हनलं. बोर्डिंगात हाय." आकाराम आता उघडउघड रडत होता. "ती खुळी हसाय लागली, सायेब. दोन दीस त्याच जळक्या फडात तिनं ऊस तोडला. डोक्यापासनं पायापर्यंत काळी झाल्ती, सयाजीनंसुदिक वळखलं न्हाई, आन दर घडीला हिला सांगत व्हती, माजा जोत्या साळंत जातोय. जाताना सदरा दिऊन गेली. मापाला पोरगं न्हवतं, आटवनीनं शिवला व्हता."

कणशांना आकारामचा राग यायला हवा होता. आला नाही. खोटं सांगून बसलेला आणि ते खरं करायला सातबारा घेऊन सांगलीपर्यंत धावलेला माणूस होता तो.

"पोरानं पेटवला असंल, तरी माजं काय म्हननं न्हाई आता," आकाराम म्हणाला. "तिला कळायच्या आत त्याला सोडवून आनावा, एवढंच मनात व्हतं."

"उद्या गुरुवार आहे. अकराला कोर्टात या. सही तुमचीच लागेल, तिच्या नावावर जमीन नाही. पण पोर तुमच्याबरोबर येणार नाही."

"मग कुनाबरोबर?"

"तिला आणायला चाललोय," कणसे म्हणाले.

७

टोळी कृष्णा ओलांडून सातारा जिल्ह्यात, कऱ्हाडच्या खालच्या अंगाला गेली होती. तिकडं जायचा हुकूम कणशांकडं नव्हता. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांनी हुकमाची वाट पाहिली नाही. मनाला सांगितलं, की अहवालात ही खेप लिहायचीच नाही.

दुपारी तीनच्या सुमाराला ते फडावर पोचले. कोयते खसाखस चालले होते. मुकादमानं हाक मारली तशी एक बाई उसातून बाहेर आली. पाचटानं हात कापलेले, डोक्याला फडकं, वय पस्तिशीचं, पण चेहऱ्यावर दहा वर्षं जास्त. सांगलीहून साहेब आलेत म्हटल्यावर तिचे डोळे चमकले.

"जोत्याच्या साळंतलं गुरुजी व्हय तुमी?"

कणशांना वाटलं, हो म्हणावं. तिथंच बोलणं संपवावं आणि परत जावं. पण त्यांनी तिला बांधावर बसवलं आणि सगळं सांगितलं. शाळा नाही, रिमांड होम. फड पेटल्याचा आळ. उद्याची तारीख.

अंबूबाई ओरडली नाही. हातातला कोयता तिनं मातीत टेकवला.

"मी तितंच व्हते," ती म्हणाली. "दोन दीस. त्याच फडात."

"हो."

"त्यो कवा गेला?"

"आदल्या संध्याकाळी."

ती उठली. मुकादम म्हणाला, कोयता मोडतो, भाऊ एकटा काय तोडणार, शनिवारी जा. तिनं त्याच्याकडं पाहिलंसुद्धा नाही. पाचटाच्या कोपीत जाऊन लुगडं बदलून आली आणि कणशांच्या पुढं चालू लागली.

एसटीत ती खिडकीशी बसली. कासेगाव मागं पडल्यावर तिनं विचारलं.

"त्यानं कशापायी पेटवला असंल, सायेब?"

"त्यानं पेटवला की नाही, ते कोर्ट ठरवील. माझं काम, तो कुणाकडं राहील एवढंच," कणसे म्हणाले. मग त्यांना राहवेना. "पण जळक्या फडावर टोळी लगेच येते, एवढं त्याला माहीत होतं."

अंबूबाईनं पदर तोंडाशी धरला. त्या रात्री मेहरुनबींनी तिला आपल्या घरी नेलं.

८

गुरुवारी कोर्टात मॅजिस्ट्रेट आणि दोन मानद सभासद बाया बसल्या होत्या. आकाराम कोपऱ्यात पटका हातात घेऊन उभा होता. जोतीरामला आणलं तेव्हा त्याच्या केसांना तेल होतं.

"जामीन मिळतोय तुला," मॅजिस्ट्रेट म्हणाले. "जायचं नाही म्हणतोस म्हणे?"

"न्हाई जायचं."

"का रे?"

पोरानं दाराकडं पाहिलं. कणसे उठले आणि त्यांनी दार उघडलं.

अंबूबाई आत आली ती बिचकत, चपला हातात घेऊन. जोतीराम तिच्याकडं बघत राहिला. कुणाला वाटलं असतं, पळत जाऊन बिलगेल. तो जागचा हललाही नाही. फक्त त्याचे खांदे खाली आले, आणि मग त्याला रडू फुटलं, इतकं मोठ्यानं की पट्टेवाला आत डोकावला.

कणशांनी अहवाल वाचला. मुलाचा ताबा आईकडं, जामीनकतब्यावर सही आकारामची, दर महिन्याच्या तारखेला हजेरी. टोळीबरोबर राहणं हे घर म्हणता येईल का, असं एका सभासद बाईंनी विचारलं. कणसे म्हणाले, "बाईसाहेब, मी बावीस वर्षं घरं तपासतोय. हे घर आहे." अर्ज मंजूर झाला. गुन्हा कुणी केला, हा प्रश्न त्या दिवशी कोर्टापुढं नव्हता, आणि कणशांनी तो काढला नाही.

स्टँडवर कऱ्हाडची गाडी लागायला वेळ होता. आकाराम दोघांसाठी केळी आणायला गेला. जोतीराम आईचा पदर मुठीत धरून उभा होता, एवढं मोठं पोर. बराच वेळ तो कणशांकडं बघत होता. मग त्यानं विचारलं.

"सायेब, त्यो जळका फड तोडायला कुठली टोळी आल्ती?"

खरं सांगावं, तर पोराला कळणार होतं की त्याचा बेत फळाला आला होता. आई त्याच वाटेनं आली होती, नि मोरीवर तो तेवढा नव्हता. आणि दुसऱ्यांदा कधी असंच एकटं वाटलं, तर काडी कुठं ओढायची, तेही कळणार होतं. खोटं बोलायची त्यांना सवय नव्हती. ते एसटीच्या पाटीकडं बघू लागले.

"कुठली तरी बीडाकडची आल्ती म्हनं," अंबूबाई म्हणाली. "आमी तवा नदीपल्याड व्हतो."

जोतीरामनं मान हलवली. "मला वाटलंच," तो म्हणाला. "मंग उगाच..." आणि तो थांबला.

"उगाचच," ती म्हणाली. "पुन्यांदा असलं कायबी मनात आनू नगंस. मी आपली आपन येत असते."

गाडी लागली. अंबूबाईनं पोराला आत चढवलं, खिडकीशी बसवलं आणि आपण अलीकडं बसली. गाडी सुटेपर्यंत तो तिला काहीबाही सांगत होता, गुरांचं, कोंबडीच्या पिलांचं, आणि ती हसून हं हं करत होती. वळणावर तिनं एकदाच मागं वळून कणशांकडं पाहिलं, तेव्हा ती हसत नव्हती.